ओट्याखालचे पाच पडदे

आई, गेल्या आठवड्यात सुतार माझ्या ओट्याखालच्या कपाटांची दारं काढून घेऊन गेला आणि तेव्हापासून तुझ्याशी बोलायचं मनात आहे. दारं म्हणजे तरी काय, भुशाच्या फळ्या आणि वर चिकटवलेला चकचकीत कागद. हे घर घेतलं तेव्हा मी ती मोठ्या हौसेनं बसवून घेतली होती. सिंकच्या पाइपातून थेंब थेंब पाणी झिरपत राहिलं, फळ्या पुरीसारख्या फुगल्या, बिजागऱ्या सुटल्या आणि गेल्या महिन्यात एक दार सरळ माझ्या पायाच्या अंगठ्यावर पडलं. सुतारानं टेप लावून मापं घेतली, जुन्यात आता काही राहिलं नाही अम्मा, असं कन्नडात सांगितलं आणि नव्या दारांचा जो आकडा बोलला तो ऐकून तुझे जावई गच्चीवर झाडांना पाणी घालायला निघून गेले. रिटायर झाल्यापासून त्यांचं असंच आहे. घरात अवघड विषय निघाला की झाडांना पाणी मिळतं. त्यामुळे झाडं उत्तम आहेत.

मग आमच्या सूनबाईंनी फोन पुढं केला. सासूला ती कन्नडात अत्ते म्हणते. "अत्ते, दारं कशाला पाहिजेत? ओपन शेल्फ आता फ्याशन आहे, बघा." फोनमध्ये कुठल्यातरी थंड देशातली बाई पांढऱ्या बशा एकावर एक रचून ठेवत होती. तिच्या घरात हिंगाची डबी नव्हती, तेलाची बरणी नव्हती, एकाही पातेल्याचं बूड काळं नव्हतं. मी म्हटलं, ही बाई जेवते की नाही? पण पोरीचं म्हणणं खोटं नव्हतं. आपण ज्याची आयुष्यभर लाज बाळगली त्याची आता लोक चित्रं काढून दाखवतात. शेवटी आम्ही दोघींनी पदर खोचला. आतल्या कडप्प्याच्या फरश्या सोडा लावून घासल्या, मागच्या भिंतीला बाल्कनीचा उरलेला रंग मारला, मार्केटातून वेताच्या टोपल्या आणल्या, जुन्या काचेच्या बाटल्यांचे कागद पाण्यात भिजवून खरवडले आणि त्यांत डाळी भरल्या. वरचे कप्पे खरंच छान दिसायला लागले. राहिले खालचे. तिथं गॅसचा सिलिंडर, कांदे, इडलीचं भांडं आणि केराची बादली. ते काही कोणाच्या फोनमध्ये शोभणारं नाही. सूनबाई म्हणाली, पडदे लावू या. मी बरं म्हटलं. कापड आणलं, टेबलावर उलटं पसरलं, खडू हातात घेतला, कापडाच्या वरच्या कडेला, डोक्याकडे, फुली मारायला वाकले आणि तशीच उभी राहिले.

तुझं स्वयंपाकघर आठवलं. अप्पांनी कडप्प्याचा ओटा घालून घेतला होता आणि खाली पाच कप्पे ठेवले होते, पाचही उघडे. दारं पुढच्या वर्षी, असं ते म्हणाले होते आणि माझी दहावी झाली तरी ते पुढचं वर्ष आलं नव्हतं. कोळशाचं पोतं, रॉकेलचा डबा, नाचणीचं पीठ, फुटक्या कानाची कढई, सगळं येणाऱ्याजाणाऱ्याच्या डोळ्यांसमोर. मला फार लाज वाटायची. मैत्रीण पाणी प्यायला आत निघाली की मी तिला पुढच्या खोलीतच थांबवून पाणी नेऊन देत असे. तुला त्याचं काही नसायचं. तू म्हणायचीस, "कप्प्यात चोरीचा माल आहे का झाकायला? सुम्ने बस की, गप." पण मला बघायला नंजनगूडहून लोक येणार असं ठरलं आणि तुझा सूर बदलला. आपल्यात मुलगी बघायला आलेल्या बायका बाहेर बसत नाहीत, पाण्याचं निमित्त करून सरळ आत येतात आणि मुलीच्या आधी चूल बघतात. तू कटपीसच्या दुकानातून जाड सुती कापड आणलंस. पिवळ्या रंगावर निळ्या किटल्या, किटलीखाली कप. इतकं हसरं कापड आपल्या घरात आधी कधी आलं नव्हतं.

सुनेला हे सांगताना मला आधी तुझं टेबल समजावून सांगावं लागलं. पुढच्या खोलीतलं ते लांब टेबल, वर घोंगडी आणि घोंगडीवर ताणून टाचलेली पांढरी चादर. अप्पांचं दुकान गल्लीच्या तोंडाशी, तिथं ते शर्ट-पँट शिवायचे, पण बायकांच्या ब्लाउजचं कटिंग तुझं. लग्नाची सिल्कची साडी घेतलेली बाई ब्लाउजपीस घेऊन आली की अप्पांकडे बघतही नसे. "कटिंग अम्माच करणार ना?" एवढं विचारायची आणि तू हो म्हटल्यावरच कापड हातातून सोडायची. त्या सिल्कमध्ये बोटभरही जास्तीचं नसे. तू कापडाच्या उलट्या बाजूला डोक्याकडे खडूची फुली मारायचीस आणि मग सुलट बाजू पुन्हा बघायचीच नाहीस. मी एकदा विचारलं होतं, उलटून बघत का नाहीस? तू म्हणालीस, "एकदा बघून खूण केली, झालं. परत परत बघायला लागलं की हात भितो." तुझा हात भीत नव्हता. कात्री एकदा सुरू झाली की थांबायची ती बाहीच्या टोकाला. मी शाळेतून येऊन दप्तर न उतरवता ते बघत उभी राहायची, आणि खरं सांगते, तेव्हा तू मला जगातली सगळ्यात मोठी बाई वाटायचीस. हे तुला कधी म्हटलं नाही. आपल्या घरात असं कोणी बोलत नसे.

पाहुणे येणार त्याच्या आदल्या दिवशी तू सकाळच्या बसनं बन्नूरला गेलीस, तिथल्या काकूंकडे सत्यनारायण होता. जाण्याआधी पाचही पडदे कापून, फुल्या मारून, एकावर एक रचून टेबलावर ठेवले होतेस. आल्यावर नेफे शिवते म्हणालीस, नेफ्यातून तार गेली की झाले पडदे. आणि नेहमीचं बजावलंस, टेबलाला हात लावू नको. मला दुसऱ्या दिवशी नेसायच्या साडीला इस्त्री करायची होती. घरात तेवढी लांब जागा दुसरी कुठं होती? मी पडदे उचलून टेबलाच्या कडेला सरकवले, साडी पसरली, पाणी शिंपडायला तांब्या घेतला आणि कोपरानं तोच तांब्या पडद्यांवर उलटा केला. पाचही भिजले. मी ते अंगणातल्या दोरीवर वाळत घातले. ऊन चांगलं होतं, दोन तासांत खडखडीत वाळले. इस्त्री करून पुन्हा होते तसे उलट्या बाजूनं रचायला घेतले तर एकावरही फुली नव्हती. खडू पाण्याबरोबर गेला होता.

तू येशील आणि टेबलाला हात लावल्याबद्दल सगळ्या गल्लीला ऐकू जाईल असं बोलशील, याशिवाय माझ्या डोक्यात काही नव्हतं. तुझा खडू घेतला आणि माझ्याकडे जी कड होती त्या कडेला पाच फुल्या मारल्या. कापड जाड, मागून नुसता पिवळा रंग दिसत होता. उलटून बघायला हवं होतं. बघितलं नाही. तू संध्याकाळी आलीस, हातपाय धुतलेस, मशीनवर बसलीस आणि फुली दिसेल तिथं नेफा घालत गेलीस. आपल्या खुणेवर तुझा भरवसा होता, दुसऱ्या कोणाची खूण त्या टेबलावर असू शकते हे तुझ्या मनातही आलं नसेल.

सकाळी अप्पांनी खिळे ठोकून तारा ताणल्या आणि पडदे लावले. त्यांना बरोबर-चूक काही दिसलं नाही, त्यांना कपड्यांच्या बाहेरचं कधीच काही दिसत नसे. तू केसरीभाताला रवा भाजत होतीस, ओट्याकडे पाहायला तुला फुरसत कुठली. पाहुणे आले. माझ्या सासूबाई, तेव्हा त्या सासूबाई झाल्या नव्हत्या, पाणी प्यायला आत आल्या, कमरेवर हात ठेवून उभ्या राहिल्या आणि हसल्या. "अय्यो, चहा सगळा इथंच सांडला की. आम्हाला मिळतो की नाही?" पाचही पडद्यांवर किटल्या तोंड खाली करून लटकत होत्या आणि त्यांच्या डोक्यावर पालथे कप. सगळ्या बायका हसल्या. सासूबाई मनानं चांगल्या होत्या, जन्मभर चांगल्या राहिल्या, त्यांनी ते चेष्टेनंच म्हटलं होतं. तूही हसलीस. मी दारात ट्रे घेऊन उभी होते आणि मला तुझा चेहरा दिसत होता. हसताना तू एका हातानं पडद्याचं टोक उलटून मागची फुली बघत होतीस.

लग्न ठरलं. पाहुणे गेल्यावर अप्पा म्हणाले, "डोळे दाखवून घे की स्वल्प." तू दाखवून आलीस. डॉक्टरांनी जवळचा नंबर दिला, या वयात सगळ्यांना लागतो तसा, बाकी डोळे चांगले आहेत म्हणाले. चष्मा आला तरी तू कात्री उचलली नाहीस. मी म्हटलं, आई, आता दिसतं ना? तू म्हणालीस, "डोळ्याचं नाही गं. फुली मी चुकीच्या बाजूला मारली आणि मारलेली मला आठवत नाही. डोक्याचं आहे. आज पडदा गेला, उद्या कोणाचं लग्नाचं सिल्क जाईल. साकु आता, पुरे." मी पडदे उसवून सुलटे करते म्हटलं. तेही करू दिलं नाहीस. राहू दे म्हणालीस, चूक समोर असलेली बरी. पुढं कितीतरी वर्षं मी माहेरी यायची आणि ते पालथे कप बघत जेवायची.

अप्पांनी दुकानात एक कटिंग मास्टर ठेवला. त्यानं कापलेले खांदे उतरायचे. दसऱ्याच्या आधी बायका तुझ्याकडे यायच्या, अम्मा, एवढं एकच तुम्ही कापा म्हणून गळ घालायच्या, आणि तू मान हलवून हुक लावत बसायचीस. काज, हुक, हेमिंग. ज्या खुर्चीत आधी गिऱ्हाईक बसायचं त्या खुर्चीत आता तू बसायचीस आणि टेबलावर अप्पांच्या थानांचे गठ्ठे पडलेले असायचे. माझ्या लग्नात दागिन्यांच्या डब्याबरोबर तू मला तुझी कात्री दिलीस, मऊ फडक्यात गुंडाळून. "मला आता कशाला? तुझा हात बरा आहे." मी ती घेतली. घेताना तुझ्या पाया पडले. तेव्हा बोलायला पाहिजे होतं, पण मंडप भरलेला होता, असं मी स्वतःला सांगितलं. सांगायला काहीतरी कारण लागतंच.

त्या कात्रीवर माझा संसार उभा राहिला, आई. नंजनगूडला पहिल्यांदा शेजारणीचं एक ब्लाउज कापलं, मग तिच्या बहिणीचं, मग देवळाच्या रस्त्यावरच्या सगळ्या घरांचं. पुढं आम्ही मैसूरला, तुझ्याच गावात, आलो तेव्हा तुझी जुनी गिऱ्हाइकं मला शोधत आली. खांदा बसलेला बघून एक म्हातारी म्हणाली, "अगदी आईचा हात." मी हसले आणि आत जाऊन नळ सोडून उभी राहिले.

एक दुपार मला विसरता येत नाही. तू माझ्याकडे आठ दिवस राहायला आली होतीस. मी कापत होते आणि तू बाजूला बसून माझ्या हाताकडे बघत होतीस, मी लहानपणी तुझ्याकडे बघायचे तशी. एक हिरवं सिल्क होतं, काठ एका बाजूला. माझ्या मनात काय आलं कोण जाणे, मी ते तुझ्यापुढं सरकवलं. म्हटलं, एवढं तू काप. तू आधी नको नको म्हणालीस. मग खडू घेतलास. सुलट बाजू बघितलीस, उलटी केलीस, फुली मारलीस. मग कापड परत उलटून बघितलंस. परत पालथं केलंस. परत उलटलंस. तिसऱ्यांदा उलटलंस ते फुलीवर बोट ठेवूनच. ज्या बाईनं आयुष्यात दुसऱ्यांदा बघितलं नाही ती तीनदा बघत होती आणि तरी तिला खात्री नव्हती. फुली बरोबर होती, आई. पहिल्यापासून बरोबर होती. तू खडू खाली ठेवलास, बोटं पदराला पुसलीस आणि म्हणालीस, "तूच काप गं. तुला घाई असेल." आपण दोघीच होतो. घरात तिसरं माणूस नव्हतं, मंडप नव्हता, पाहुणे नव्हते. एक वाक्य बोलले असते तर पुरलं असतं. मी कात्री उचलली आणि कापलं.

तू गेलीस त्याला आता एकवीस वर्षं झाली. परवा मी खडू घेऊन तशीच उभी राहिलेली बघून सूनबाईनं विचारलं, काय झालं अत्ते, पाठ धरली का? मी मुद्दाम पट्ट्यांचं कापड आणलं होतं, ज्याला डोकं नाही आणि पायही नाहीत, कसंही लावलं तरी चालतं. तरी फुली मारायला वाकले होते. हसू आलं आणि मग रडूही आलं, तेव्हा तिला सांगितलं. आजवर कोणाला सांगितलं नव्हतं, तुझ्या जावयांनाही नाही. तिचं मराठी आमच्यासारखं पुरं नाही, अर्धं कन्नड, पण ऐकून घेतलं सगळं. म्हणाली, "अत्ते, तुम्हाला काय गोत्तु, काय माहीत होतं? तांब्या पडला, खूण गेली, तुम्ही अंदाजानं केली. तुम्ही जाणूनबुजून थोडंच केलं?" माझ्या पाठीवरून हात फिरवला, कॉफी करून दिली. पोरगी गुणाची आहे. मी कॉफी प्यायले आणि तिचं म्हणणं खाली मान घालून ऐकून घेतलं. फार बरं वाटलं. त्या बरं वाटण्याचीच आता टोचणी लागली आहे, म्हणून आज सकाळपासून ही वही घेऊन बसले आहे. मघाशी तिनं विचारलं काय लिहिताय, तर मी किराण्याची यादी म्हणाले. वही तिच्या हाती लागू देणार नाही, आणि तुला पाठवायची कुठं. लिहून झालं की पानं फाडीन.

तिला जे सांगितलं नाही ते असं. त्या संध्याकाळी तू मशीनवर नेफे घालत होतीस तेव्हा मी तुझ्या पायाशी अवरेकाळूच्या शेंगा सोलत बसले होते. तुझं तोंडातल्या तोंडात भजन चाललं होतं, बन्नूरला म्हटलेलं अजून जिभेवर होतं. पहिला पडदा शिवून झाला, तू दोरा तोडलास आणि तो बाजूच्या टोपलीत टाकलास. तो टोपलीच्या काठावर सुलट बाजू बाहेर येऊन पडला. नेफा वर होता आणि किटल्या उलट्या होत्या. मी बघितलं. मला लगेच कळलं, शिंप्याच्या घरातली मुलगी होते, मला कळायला किती वेळ लागणार? चार पडदे अजून तुझ्या मांडीवर होते. मी ठरवलं, हा दुसरा झाला की सांगते. मग म्हटलं, तिसरा झाला की. तू पाचही संपवलेस, पाय मोकळे केलेस आणि मला विचारलंस, किती सोललेस दाखव. मी दाखवले.

भीती होती ती फक्त तुझ्या ओरडण्याची. आणि तुझं ओरडणं मला पाठ होतं. चुलीवर भात ठेवताना तू सुरू करायचीस आणि भात उतरवताना मला सार चाखायला हाक मारायचीस. भात शिजायला जेवढा वेळ लागतो तेवढीच तू रागावली असतीस, आई. हे मला तेव्हाही माहीत होतं.